लांब पावलांचा माणूस

१८१८ म्हटलं, की आपल्याला पेशवाईचा शेवट आठवतो. दुसरा बाजीराव शरण आला आणि मराठी राज्य संपलं. त्या वेळी हिंदुस्थानचा गव्हर्नर जनरल होता लॉर्ड हेस्टिंग्ज. वॉरन हेस्टिंग्ज नव्हे, तो आधीचा. हा दुसरा. याचं मूळ नाव फ्रान्सिस रॉडन, आणि घराणं आयर्लंडचं. तिकडे त्याला लॉर्ड मॉयरा म्हणत.

आज मला या लॉर्डसाहेबांविषयी बोलायचं नाही. बोलायचं आहे त्यांचं नाव ज्याला मिळालं, त्या माणसाविषयी. आयर्लंडच्या उत्तर भागात, काउंटी डाउनमध्ये, बॅनब्रिज नावाचं लिननच्या कापडासाठी प्रसिद्ध असलेलं गाव आहे. तिथे जॉर्ज क्रोझियर नावाचे एक सधन वकील राहत होते. १७९६ साली त्यांना मुलगा झाला, तेरा भावंडांतला अकरावा. त्या भागातलं सर्वांत मोठं, वजनदार नाव लॉर्ड मॉयरांचं. वकीलसाहेबांचा त्यांच्याशी स्नेह होता. त्यांनी मुलाचं नाव ठेवलं फ्रान्सिस रॉडन मॉयरा क्रोझियर. मोठ्या माणसाचं नाव दिलं, की पोराचं भलं होतं, असं आपल्याकडेही लोक मानतात.

नावांचा विषय माझ्या जवळचा आहे. माझं नाव ऐकल्यावर अनेकजण विचारतात, ‘तुम्ही कविता मराठीत लिहिता?’ नावावरून माणूस ओळखायची आपल्याला घाई असते. क्रोझियरची गोष्ट वाचताना मला जाणवलं, की या माणसाला आयुष्यात दोन नावं मिळाली. एक साम्राज्याच्या दरबारातून आलेलं. दुसरं बर्फातल्या माणसांनी दिलेलं. आणि त्याचा माग लागला, तो बराचसा या दुसऱ्या नावाच्या आधारानं.

तेराव्या वर्षी, १८१० मध्ये, तो ब्रिटिश नौदलात दाखल झाला. शाळा तिथेच संपली. शुद्धलेखन कच्चं राहिलं, ते कायमचं. ‘ब्रिटन’ नावाच्या जहाजावर असताना १८१४ साली तो प्रशांत महासागरातल्या पिटकर्न बेटावर पोचला. ‘बाउंटी’ जहाजावरच्या गाजलेल्या बंडातला, त्या बेटावर उरलेला शेवटचा बंडखोर तिथे राहत होता. म्हातारा झालेला, बायकापोरांत रमलेला. जग किती मोठं आहे आणि माणूस त्यात कुठे कुठे जाऊन लपू शकतो, हे त्या पोरानं फार लवकर पाहिलं.

नेपोलियनची युद्धं संपली आणि नौदलाला काम उरलं नाही. जहाजं होती, अधिकारी होते, शत्रू नव्हता. मग सरकारनं नवं लक्ष्य शोधलं : वायव्य मार्ग. म्हणजे युरोपातून निघून, उत्तर अमेरिकेच्या डोक्यावरून, बर्फातल्या बेटांमधून वाट काढत थेट आशियाला पोचायचं. व्यापाराला जवळचा रस्ता मिळेल ही आशा होती, आणि नकाशावरची मोकळी जागा भरून काढायची हौसही होती.

१८२१ साली क्रोझियर विल्यम एडवर्ड पॅरीच्या मोहिमेत गेला. दोन हिवाळे ही जहाजं बर्फात अडकून राहिली. सूर्य कित्येक आठवडे उगवत नाही. पॅरी हुशार माणूस. खलाशांची मनं खचू नयेत म्हणून तो जहाजावर नाटकं बसवायचा, निरक्षर खलाशांसाठी शाळा चालवायचा. दुसरा हिवाळा इग्लूलिक इथे गेला. तिथे शेजार होता इनुइट लोकांचा. आपण पूर्वी पाठ्यपुस्तकांत त्यांना एस्किमो म्हणून वाचलं. ते स्वतःला इनुइट म्हणतात, म्हणजे नुसतं ‘माणसं’.

या शेजारात क्रोझियर रमला. त्या लोकांत एक रीत होती. दोन माणसांचं जमलं, की ती एकमेकांशी नावं बदलत. तुझं नाव मी घेतो, माझं तू घे. पुढे चाळीसेक वर्षांनी तिथल्या लोकांनी सांगितलं, की तरुण क्रोझियरनं एका इनुइट मुलाशी अशी अदलाबदल केली, आणि त्या मुलाचं नाव होतं अग्लूका. लांब पावलं टाकणारा. तेव्हापासून त्या बर्फाच्या मुलखात तो अग्लूका झाला.

पॅरीबरोबर तो आणखी दोनदा उत्तरेला गेला, १८२४ आणि १८२७ मध्ये. १८२४ च्या मोहिमेतलं ‘फ्युरी’ हे जहाज बर्फानं चेपून निकामी केलं आणि ते तिथेच सोडून परतावं लागलं. बर्फात उशिरा शिरलं तर काय होतं, हे क्रोझियरनं डोळ्यांनी पाहिलं होतं. ही गोष्ट आपण लक्षात ठेवू.

मग आली दक्षिण ध्रुवाकडची मोठी मोहीम, १८३९ ते १८४३. ‘इरेबस’ आणि ‘टेरर’ अशी दोन जहाजं. तोफगोळ्यांचा मारा करण्यासाठी बांधलेली, म्हणून बळकट. मोहिमेचा प्रमुख होता जेम्स क्लार्क रॉस, क्रोझियरचा जिवलग मित्र. रॉस ‘इरेबस’वर आणि क्रोझियर ‘टेरर’चा कप्तान. १८४१ च्या जानेवारीत त्यांनी बर्फाच्या मुलखात आग ओकणारा डोंगर पाहिला. त्याला इरेबस हे नाव दिलं, शेजारच्या डोंगराला टेरर. त्याच बेटाच्या एका टोकाला आजही केप क्रोझियर म्हणतात. पुढे समुद्रातून उभी चढलेली बर्फाची भिंत लागली. शेकडो मैल तिच्या कडेकडेनं गेले, पण आत जायला दार सापडलं नाही. १८४२ मध्ये ते दक्षिणेला जिथवर पोचले, त्याच्या पुढे जायला जगाला आणखी ५८ वर्षं लागली.

या मोहिमेचं मुख्य काम होतं पृथ्वीच्या चुंबकत्वाची मोजणी. होकायंत्राची सुई जागोजागी किती सरकते, किती झुकते, याच्या नोंदी जगभर एकाच वेळी घ्यायच्या, अशी ती योजना होती. तिचा एक धागा आपल्या दारापर्यंत आलेला आहे. ईस्ट इंडिया कंपनीनं याच योजनेत भाग घेतला आणि मुंबईत कुलाब्याच्या वेधशाळेत १८४१ पासून चुंबकीय नोंदी सुरू झाल्या. पुढे मुंबईच्या ट्राम विजेवर चालणार, त्यानं सुया बिघडणार, म्हणून १९०४ साली हे काम अलिबागला हलवलं गेलं. क्रोझियर अंटार्क्टिकाच्या काठावर सुई वाचत होता, त्याच काळात कुलाब्यालाही कुणीतरी सुई वाचत बसलं होतं. या कामाबद्दल १८४३ मध्ये तो रॉयल सोसायटीचा फेलो झाला. रॉसला ‘सर’ पदवी मिळाली. क्रोझियरला मिळाली नाही. तो नेहमीच दुसरा राहिला. आयरिश, शाळा अर्धवट सुटलेला, मोठ्या घरात उठबस नसलेला.

याच मोहिमेत टास्मानियातल्या होबार्ट बंदरात त्याचं मन गुंतलं. तिथला गव्हर्नर होता सर जॉन फ्रँकलिन, स्वतः जुना ध्रुवीय प्रवासी. त्याची भाची सोफिया क्रॅक्रॉफ्ट. क्रोझियरनं तिला मागणी घातली. तिनं नकार दिला. कप्तान म्हणून तो कितीही उत्तम असला, तरी कप्तानाची बायको व्हायची तिची तयारी नव्हती. क्रोझियरनं पुढेही लग्न केलं नाही.

आता १८४५. वायव्य मार्गाचा शेवटचा तुकडा शोधायला नवी मोहीम निघाली. जहाजं तीच, ‘इरेबस’ आणि ‘टेरर’. या वेळी त्यांत आगगाडीची इंजिनं बसवली होती. तीन वर्षांचा शिधा, हजारो बंद डबे, हजारावर पुस्तकं. नेतृत्वासाठी रॉसला विचारलं, तो नाही म्हणाला. क्रोझियरनं मित्राला कळवलं होतं, की प्रमुखपद पेलेल असं मला वाटत नाही. मन खचलेलं होतं. शेवटी ५९ वर्षांच्या फ्रँकलिनला प्रमुख केलं आणि क्रोझियर पुन्हा दुसरा. अधिकारी निवडायचं कामही त्याच्याकडे न देता जेम्स फिट्झजेम्स या तरुण अधिकाऱ्याकडे गेलं. त्याला बर्फाचा अनुभव शून्य होता.

ग्रीनलंडच्या किनाऱ्यावरून, १८४५ च्या जुलैमध्ये, क्रोझियरनं रॉसला शेवटचं पत्र पाठवलं. आपल्याला उशीर झाला आहे, अंदाज घ्यायला वेळ न मिळता आपण बर्फात घुसू आणि १८२४ ची गत होईल, अशी भीती त्यात आहे. तू इथे असतास तर मला शंका नसती, असं तो मित्राला म्हणतो. आपण फार एकटे पडलो आहोत, हेही सांगतो. आणि त्याच पत्रात तक्रार आहे, की माझा चहा आणि साखर जहाजावर आलीच नाही. चहाचं काही नाही, पण साखरेची उणीव भासते. हे पत्र वाचताना मी साखरेपाशी थांबलो. पुढे काय होणार हे आपल्याला माहीत आहे, त्याला नाही. त्याला साखर हवी आहे.

जुलैच्या अखेरीस देवमाशांची शिकार करणाऱ्या दोन जहाजांनी त्यांना पाहिलं. त्यानंतर युरोपातल्या कुणीही त्यांना जिवंत पाहिलं नाही.

वर्षं गेली. शोधमोहिमांवर मोहिमा निघाल्या. त्यांतही आयरिश माणसं पुढे होती : वेक्सफर्डचा रॉबर्ट मॅक्लूर, डंडॉकचा लिओपोल्ड मॅक्लिंटॉक. पण पहिली खरी बातमी आणली ती जॉन रे या डॉक्टरनं. हडसन्स बे कंपनीचा हा नोकर इनुइट लोकांसारखा राहायचा, त्यांच्यासारखा चालायचा, त्यांचं ऐकायचा. १८५४ मध्ये त्याला इनुइट लोकांनी सांगितलं, की काही वर्षांपूर्वी चाळीसएक गोरी माणसं नाव ओढत दक्षिणेकडे जाताना दिसली होती. पुढे ती सगळी उपाशी मेली. आणि मरण्यापूर्वी त्यांनी मेलेल्या सोबत्यांचं मांस खाल्लं होतं.

रे यानं त्यांच्याकडून काही वस्तू विकत घेतल्या. त्यांत एका चांदीच्या वस्तूवर चार अक्षरं होती : एफ. आर. एम. सी. फ्रान्सिस रॉडन मॉयरा क्रोझियर. ज्या लॉर्ड मॉयराच्या अमलात पुण्याचं राज्य बुडालं, त्याच्या नावाचं आद्याक्षर उत्तर ध्रुवाजवळच्या बर्फात एका शिकाऱ्याच्या घरात निघालं.

ही बातमी लंडनला पोचली आणि गहजब झाला. ब्रिटिश नौदलाचा अधिकारी माणूस खातो? शक्यच नाही. चार्ल्स डिकन्ससारख्या थोर लेखकानं आपल्या साप्ताहिकात लेख लिहिले. सूर असा, की हे रानटी लोकांचं सांगणं. रानटी माणूस खोटारडाच असतो. कदाचित त्यांनीच आपल्या लोकांना मारलं असेल. दुःख वाटतं ते याचं, की हे डिकन्सनं लिहिलं. गरिबांच्या पोरांसाठी ज्याचं काळीज तुटत होतं, त्याला बर्फातल्या गरिबांची साक्ष खोटी वाटली. रे याला बक्षिसाची रक्कम मिळाली, पण मान मिळाला नाही.

१८५९ मध्ये मॅक्लिंटॉकच्या मोहिमेतल्या विल्यम हॉबसन या अधिकाऱ्याला किंग विल्यम बेटावर दगडांच्या ढिगात एक कागद सापडला. सरकारी छापील नमुना. त्यावर दोन मजकूर. पहिला मे १८४७ चा : सर्व काही ठीक. दुसरा त्याच कागदाच्या कडेनं लिहिलेला, २५ एप्रिल १८४८ चा. सप्टेंबर १८४६ पासून जहाजं बर्फात अडकली होती. फ्रँकलिन ११ जून १८४७ रोजी वारला. आजवर नऊ अधिकारी आणि पंधरा माणसं गेली. जहाजं सोडली. उरलेले १०५ जण कप्तान क्रोझियरच्या हाताखाली. मजकूर फिट्झजेम्सच्या अक्षरात. खाली क्रोझियरची सही, आणि त्याच्या हातची एवढीच भर : उद्या, २६ तारखेला, आम्ही बॅकच्या मासळी-नदीकडे निघतो.

त्याच्या हातचं उरलेलं शेवटचं वाक्य हेच. त्यात ‘उद्या’ आहे. जन्मभर दुसरा राहिलेला माणूस प्रमुख झाला, तो अशा वेळी, की १०५ आजारी, उपाशी माणसांना घेऊन शेकडो मैल चालत जायचं होतं.

पुढचं कागदावर नाही. पुढचं आहे ते तोंडी. चार्ल्स फ्रान्सिस हॉल नावाचा अमेरिकन माणूस १८६० च्या दशकात इनुइट वस्त्यांत जाऊन राहिला आणि म्हाताऱ्यांना विचारत फिरला. त्याला सांगितलं गेलं, की किंग विल्यम बेटाच्या दक्षिण किनाऱ्यावर चार कुटुंबांना नाव ओढत चाललेली गोरी माणसं भेटली. त्यांचा म्होरक्या पुढे आला. खुणा करून त्यानं सीलचं मांस मागितलं. त्यांनी थोडं दिलं. रात्र शेजारी काढली. पहाटे ती कुटुंबं निघून गेली. आणि त्या म्होरक्याला ते म्हणत अग्लूका.

हॉलला राग आला. माणसं मरत होती आणि तुम्ही निघून गेलात? पण विचार करा. चार कुटुंबं, तीही वाईट हंगामात. दुसरीकडे कित्येक भुकेली माणसं, ज्यांना शिकार जमत नाही. थांबली असती, तर तीही मेली असती. दुष्काळात आपल्याकडेही लोकांनी दाराशी आलेल्याला भाकरीचा तुकडा देऊन डोळे पुसत पुढे जायला सांगितलेलं आहे. माझी नानी अशा गोष्टी सांगायची आणि मध्येच गप्प व्हायची. ज्याला तो प्रसंग आला, त्यालाच तो सांगता येतो, आणि तोही अर्धाच.

तो अग्लूका क्रोझियरच होता का? शपथेवर सांगता येत नाही. हे नाव तिथे आणखी काही गोऱ्यांनाही मिळालेलं होतं, खुद्द रे यालासुद्धा. क्रोझियर सर्वांत शेवटपर्यंत टिकला, इनुइटांनी त्याला सांभाळलं, तो एक-दोघांसह दक्षिणेला निघाला, असंही हॉलला सांगितलं गेलं. याला पुरावा मिळालेला नाही. पण या लोकांनी जे जे सांगितलं, त्यातलं बरंच काही दीडशे वर्षांनी खरं ठरलं, हे मात्र आज शपथेवर सांगता येतं.

१९९७ मध्ये किंग विल्यम बेटावरच्या हाडांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. हाडांवर सुरीच्या खुणा होत्या. २०२४ मध्ये डीएनएवरून त्यांतला एक जबडा ओळखता आला. तो होता फिट्झजेम्सचा, आणि त्यावरही त्या खुणा होत्या. इनुइटांनी खोटं सांगितलं नव्हतं. त्यांनी कुणाची बदनामी केली नव्हती. भूक काय करते, एवढंच सांगितलं होतं.

एक जहाज दक्षिणेला बुडालं, डोलकाठी पाण्याबाहेर दिसत होती, असं ते पिढ्यान्‌पिढ्या सांगत होते. लुई कामूकाक नावाच्या गृहस्थांनी तर आयुष्यभर म्हाताऱ्यांच्या अशा आठवणी गोळा केल्या. सप्टेंबर २०१४ मध्ये त्याच भागात ‘इरेबस’ सापडलं. दोन वर्षांनी शोधपथकाच्या बोटीवर सॅमी कॉगविक नावाचे इनुइट गृहस्थ होते. ते म्हणाले, काही वर्षांपूर्वी मासेमारीला जाताना मी बर्फातून वर आलेला एक लाकडी खांब पाहिला होता. त्याच्यासोबत फोटोही काढला होता. कॅमेरा हरवला. हा अपशकुन असेल असं वाटून मी गप्प राहिलो. बोट तिकडे वळवली गेली. ३ सप्टेंबर २०१६ रोजी ‘टेरर’ सापडलं. ज्या उपसागरात सापडलं, त्याचं नाव आधीपासूनच टेरर उपसागर होतं.

जहाज पाण्याखाली जवळजवळ शाबूत आहे. २०१९ मध्ये कॅनडाच्या संशोधकांनी पाणबुड्या कॅमेरा आत सोडला. फळ्यांवर बशा तशाच आहेत. कप्तानाच्या खोलीत मेज आहे, कप्पे बंद आहेत. त्या मजल्यावरच्या खोल्यांमध्ये कॅमेरा फिरला. फक्त एका खोलीत जाता आलं नाही, कारण तिचं दार लावलेलं होतं. ती कप्तानाची झोपायची खोली.

बॅनब्रिजमध्ये, क्रोझियरच्या घरासमोर, १८६२ साली उभारलेला त्याचा पुतळा आहे. भोवती दगडी ध्रुवीय अस्वलं. चंद्रावरच्या एका विवराला त्याचं नाव आहे. ही सगळी कागदोपत्री नावं. पण किंग विल्यम बेटावर अजूनही अग्लूकाची गोष्ट सांगितली जाते : लांब पावलं टाकत आलेला, खूण करून मांस मागणारा माणूस. क्रोझियरचं प्रेत सापडलं नाही. त्या कप्प्यांत कागद असतील, थंड पाण्यात टिकलेही असतील. ते वर आले, तर त्याचं कच्चं शुद्धलेखन आपल्याला वाचायला मिळेल. तोवर त्याच्या शेवटच्या चालण्याची साक्ष त्याच लोकांची आहे, ज्यांनी त्याला आपलं नाव दिलं होतं. त्यांचं एवढी वर्षं कुणी ऐकलं नाही.